पिठांचे वर्षफळ

ज्वारीच्या मुलखात, एका जुन्या पेठेत, एकदा एक पिठांचा पारखी राहत असे. वय ऐंशीच्या घरात, नजर अधू झालेली. पण चिमूटभर पीठ अंगठ्याने बोटावर चोळले, की ते कोणत्या धान्याचे, किती दिवसांपूर्वी दळलेले आणि त्यात दुसरे काही मिसळले आहे का, हे तो बिनचूक सांगत असे. सारी पेठ त्याला आबा म्हणे. पाडव्याला देवळात पंचांगातले वर्षफळ वाचून झाले, की व्यापारी मंडळी तीर्थ घेऊन उठत आणि थेट आबांच्या ओसरीवर येऊन बसत. पाऊस किती आढक पडणार आणि मेघांचा राजा कोण, याच्याशी त्यांना फारसे कर्तव्य नसे. त्यांना हवे असे पिठांचे वर्षफळ. यंदा जगात गव्हाचे पीठ कुठे खपेल, तांदळाच्या पिठाला कोणता देश विचारील, मक्याचे घोडे कुठे अडेल, ज्वारी, बाजरी आणि नाचणीचे दिवस पालटतील की नाही, हे आबा सांगत आणि पेठ कान देऊन ऐकत असे. देवाचे सांगणे ही मंडळी निवांतपणे पुढच्या एकादशीवर ढकलत, पण भावाचे सांगणे त्यांनी कधी दुपारपर्यंतसुद्धा लांबवले नाही.

आबांचा एक शिष्य होता. तिशीतला, बुद्धिमान आणि स्वभावाने थोडा उतावळा. शहरात शिकून परत आलेला. चिमटीतल्या पिठाची भाषा त्याला फारशी कळत नसे, पण आबांना न कळणारे पुष्कळ काही त्याला कळत असे. कोणत्या बंदरावर किती माल उतरला, कोणत्या देशातल्या लोकांनी पाव कमी केला, कुठल्या सरकारने गव्हाची निर्यात रोखली, कुठे दुष्काळाने मक्याला मागणी आली, हे सारे तो संगणकावरून काढी आणि त्याचा अर्थ लावी. गेली तीन वर्षे वर्षफळ तोच लिहून देत होता. आबा ते वाचून दाखवत आणि मंडळी घरी जाताना म्हणत, "आबांचा अंदाज म्हणजे अंदाज." हे शिष्याला सलत असे. गुरूविषयी असे वाटणे बरे नव्हे, हे त्याला ठाऊक होते, म्हणून तो गप्प बसे इतकेच.

शिष्याच्या घरी त्याची आई होती. वडील लवकर गेले, तिनेच त्याला वाढवले. तिला गहू सोसत नसे. तरुणपणी सासरच्यांना तो तिचा नखरा वाटला होता. सणासुदीला आग्रहाने पुरणपोळी खाऊ घालावी आणि मग पंधरा दिवस तिने अंथरूण धरावे, असे तीन-चार वेळा झाले तेव्हा लोकांनी आग्रह सोडला. पुढे शहरातल्या डॉक्टरांनी त्या आजाराला नाव दिले. पण नावावाचून तिचे काही अडले नव्हते. गहू पोटात गेला की आपले खरे नाही, एवढे तिला पक्के ठाऊक होते. म्हणून आयुष्यभर ती ज्वारीच्या भाकरीवर राहिली.

पण नुसती ज्वारी खाऊन भागत नसे. गिरणीत एकाचे दळण झाले तरी मूठ-दोन मूठ पीठ दगडांत अडकून राहते आणि ते पुढच्याच्या डब्यात उतरते. गव्हावर ज्वारी दळली की ज्वारीत गहू आलाच. इतर बायकांना त्याने फार तर भाकरीची चव बिघडल्यासारखी वाटे. या बाईच्या मात्र जिवाशी गाठ होती. म्हणून डबा खाली ठेवण्याआधी ती गिरणीवाल्या सुबरावला विचारी, "आधी काय दळलंयस?" सुबराव भला माणूस. त्याने तिच्यासाठी मंगळवारची सकाळ राखून ठेवली होती. दगड झाडायचे, घरची दोन शेर ज्वारी आधी दळून काढायची, मग तिचा डबा ओतायचा. "मावशी, ज्वारीवर ज्वारी. निर्धास्त राहा," असे तो दर मंगळवारी म्हणे आणि ती दर मंगळवारी पुन्हा विचारी. एवढ्या मोठ्या जगात ती बाई या एका गिरणीच्या भरवशावर जगत होती.

त्या वर्षीचे वर्षफळ लिहिताना शिष्याने जिवाचे रान केले. अकरा पाने झाली. शेवटचे पान ज्वारीचे. समुद्रापलीकडच्या श्रीमंत देशांत गहू न सोसणाऱ्यांची संख्या वाढत होती. काहींना खरोखरच आजार होता, काहींनी नुसती टूम म्हणून गहू सोडला होता. पण दोघांनाही गव्हाचा लवलेश नसलेले पीठ हवे होते. असे पीठ देणारे धान्य म्हणून त्यांचे लक्ष ज्वारीकडे वळणार, दोन वर्षांत मागणी तिप्पट होणार, असे शिष्याने पुराव्यांसह मांडले. आईच्या आजाराचे नाव त्या पानावर चार ठिकाणी आले होते. लिहिताना त्याला एकदाही घर आठवले नाही.

पाडव्याच्या सकाळी ओसरी भरली. आबांनी भिंग लावून एकेक पान वाचले. गहू झाला, तांदूळ झाला, मका झाला, सातू आणि ओटसुद्धा झाले. शेवटचे पान त्यांनी आधी मनात वाचले. मग पुन्हा एकदा मनात वाचले. नंतर त्या पानाची चौघडी घातली, बंडीच्या खिशात ठेवली आणि म्हणाले, "ज्वारीचं यंदा मला काही दिसत नाही."

मंडळींनी कडुनिंबाचा प्रसाद घेतला आणि ती पांगली. शिष्य खांबाला टेकून उभा होता. त्याच्या कानशिलांत रक्त चढले होते.

"आबा, पान चुकलं होतं का?"

"नाही. चोख आहे."

"मग वाचलं का नाहीत?"

"सांगेन. जरा दमानं घे." एवढे बोलून आबा काठी टेकत आत गेले. उन्हाने आणि बोलण्याने ते थकले होते, हे खरे. पण तिशीच्या माणसाला 'दमानं घे' म्हणून वाऱ्यावर सोडणे ही त्या शहाण्या माणसाची चूकच होती. त्याची किंमत पुढे दुसऱ्याच कुणीतरी मोजली.

दिवस मावळायच्या आत पेठेतला सर्वांत मोठा व्यापारी शिष्याच्या दारात आला. धान्याच्या व्यवहारात त्याची तिसरी पिढी. आबांनी काय वाचले यापेक्षा काय खिशात घातले, याकडे त्याचे लक्ष होते.

"मास्तर, म्हाताऱ्या माणसाला सगळंच दिसतं असं नाही," तो गोड आवाजात म्हणाला. "तुम्हाला काय दिसलं ते सांगा. आम्ही तुमच्या नावानं ऐकू."

पैशाची गोष्ट निघाली नाही, आणि निघाली असती तर कदाचित शिष्य सावध झाला असता. त्याला ऐकणारा हवा होता आणि ऐकणारा चालत घरी आला होता. त्याने संगणक उघडून सगळे पान वाचून दाखवले. आई आतून चहा घेऊन आली. तिने मुलाला इतक्या मोठ्या माणसाशी बरोबरीने बोलताना पाहिले आणि दाराशी घटकाभर उभी राहून ती कौतुकाने ऐकत राहिली.

अंदाज खरा ठरला. दोन वर्षेही लागली नाहीत, पुढच्या सुगीलाच ठरला. व्यापाऱ्याने परदेशी ग्राहकांशी करार केले आणि आसपासच्या गावांतली ज्वारी खळ्यावरूनच उचलली. ज्या कोरडवाहू रानांना कुणी हिंग लावून विचारत नव्हते, त्यांच्या मालकांना जन्मात पहिल्यांदा ज्वारीचा चांगला भाव मिळाला. कुणाची विहीर झाली, कुणाच्या मुलीचे शिक्षण मार्गी लागले. हे खोटे नाही आणि ते लपवूनही उपयोग नाही. शिष्याचे नाव मुलखात दुमदुमले. 'जागतिक बाजारपेठेत तृणधान्यांच्या पिठांचे भवितव्य' या विषयावर बोलायला त्याला ठिकठिकाणची आमंत्रणे येऊ लागली. महिन्यातले वीस दिवस तो बाहेर असे. शाल-नारळ घेऊन घरी आला की आई दृष्ट काढी.

परदेशी ग्राहकांची अट एकच होती. दहा लाख भागांत वीस भागांहून अधिक गव्हातले ग्लूटेन पिठात सापडता कामा नये. म्हणून व्यापाऱ्याने पेठेतल्या गिरण्या एकामागून एक करारावर घेतल्या. दगड नवे बसवले, भिंती खरवडून धुतल्या. कामगारांचे जेवणाचे डबे फाटकात उघडून पाहिले जाऊ लागले आणि चपाती निघाली तर डबा बाहेर ठेवावा लागे. ज्या गिरणीत गहू शिरला, ती करारातून बाद.

सुबरावची गिरणीही करारात गेली. तो पेढे घेऊन स्वतः शिष्याच्या घरी आला. शिष्य कुठेतरी व्याख्यानाला गेला होता.

"मावशी, तुमच्या लेकामुळं आमचं भाग्य उजळलं. दोन पोरं कामाला लागली माझी."

"चांगलं झालं रे," ती म्हणाली. मग जरा घुटमळून तिने विचारले, "माझं मंगळवारचं दळण?"

सुबरावने खाली पाहिले. "मावशी, बाहेरचा एक दाणा आत घ्यायचा नाही, असं लिहून घेतलंय त्यांनी. किरकोळ दळण बंद. पाटीच लावलीय. तुमच्यासाठी घेतलं नि कुणी बघितलं तर गिरणी जाईल."

"नको नको," ती घाईने म्हणाली. "माझ्यापायी तुझं नुकसान नको. बघीन मी दुसरीकडं."

दुसरीकडे म्हणजे गावाच्या पार टोकाची, बाजारामागची गिरणी. तेवढी एकच करारावाचून राहिली होती, कारण तिथे दिवसभर गहूच दळला जाई. ज्वारी आवाक्याबाहेर गेल्यावर घरोघर भाकरीच्या जागी चपाती आली होती. स्वस्त धान्याच्या दुकानातला गहू होता, पोटे भरत होती, कुणाची तक्रार नव्हती. ती दोन किलो ज्वारी कशीबशी मिळवून तिथे गेली आणि सवयीने विचारले, "आधी काय दळलंय?"

गिरणीवरचा माणूस हसला. "आजी, इथं आधी गहू, मधी गहू नि नंतर गहू. तुमचा एकटीचाच हा डबा हाय ज्वारीचा."

तिने पहिले चार मुठी पीठ गाईला काढून ठेवले आणि उरलेल्याची भाकरी खाल्ली. दुसरे काही तिच्या हातात नव्हते. घरचे जाते केव्हाच मोडीत गेले होते आणि असते तरी ते ओढायला अंगात बळ नव्हते. आठवड्यातले चार दिवस ती भातावर काढी. पण जन्मभर भाकरीवर वाढलेल्या देहाला भातावर धीर धरवेना आणि पाचव्या दिवशी ती पुन्हा पिठाच्या डब्याकडे वळे. मुलाला तिने काही सांगितले नाही. हळदीकुंकवाला बायका म्हणत, तुमच्या मुलाने गावाचे भले केले. ज्या गोष्टीने गावाचे भले झाले तिने आपले पोट दुखते, हे सांगण्याची तिला लाज वाटली. तो घरी आला की ती म्हणे, "जरा पचत नाही हल्ली. वय झालं."

पावसाळ्याच्या तोंडावर शिष्य एका दौऱ्यावरून परतला, तेव्हा आईच्या हातातल्या बांगड्या कोपरापर्यंत सरकत होत्या. त्याने तिला शहरातल्या डॉक्टरांकडे नेले. तपासण्या झाल्या. डॉक्टर म्हणाले, "यांच्या पोटात गहू जातोय."

"शक्य नाही," शिष्य म्हणाला. "आईनं कित्येक वर्षांत गहू खाल्लेला नाही. मला विचारा, मी याच विषयातला आहे."

"कुठून जातो ते तुम्ही शोधा. जातोय हे मी सांगतो," डॉक्टर म्हणाले.

तेव्हा त्याने आईला खोदून विचारले आणि आईने बाजारामागच्या गिरणीची गोष्ट सांगितली. तो तसाच तिथे गेला. दगडांवर, पट्ट्यावर, खालच्या कापडी नळीवर गव्हाच्या पिठाची साय बसली होती. जगातल्या कोणत्या बंदरात कोणत्या पिठाचा किती अंश चालतो, हे तोंडपाठ असलेला तो माणूस त्या नळीकडे पाहत राहिला. आपल्या आईच्या ताटात काय येते हे गेल्या वर्षभरात आपण एकदाही विचारले नाही, हे त्याला तिथे उभ्याउभ्या कळले आणि त्याला स्वतःची किळस आली.

तो व्यापाऱ्याकडे गेला. व्यापारी दुष्ट नव्हता. त्याने तत्काळ कारखान्यातल्या पाच पिशव्या काढून दिल्या, वर विचारपूसही केली. चकचकीत, हवाबंद, परक्या लिपीत छापलेल्या पिशव्या. आईने एक पिशवी फोडली, पीठ मळले आणि भाकरी थापायला घेतली. भाकरी कडेने चिरली. दुसरी मधोमध फाटली. जहाजातून महिनोन्‌महिने टिकावे म्हणून त्या पिठावर काही प्रक्रिया केलेली होती आणि त्याची विरी, म्हणजे भाकरीला लागणारा चिकटपणा, गेली होती. ते हाताला धरतच नव्हते.

"चांगलं आहे रे पीठ," आई त्याच्या चेहऱ्याकडे पाहून म्हणाली. "पेज करीन याची."

तिने पंधरा दिवस पेज घेतली. थोडा उतार पडल्यासारखे वाटले. मग श्रावणात साधा ताप आला, आणि त्या साध्या तापाला द्यायला तिच्या अंगात काही उरलेले नव्हते. तीन दिवसांत ती गेली.

तेराव्यानंतर आबा काठी टेकत शिष्याच्या घरी आले. चटईवर बसले.

"आबा, तुम्हाला ठाऊक होतं," शिष्य म्हणाला. त्याच्या आवाजात शोकापेक्षा राग अधिक होता. "म्हणून तुम्ही पान खिशात घातलंत."

"तुझी आई जाईल हे मला ठाऊक नव्हतं," आबा म्हणाले. "कुणीतरी जाईल एवढं ठाऊक होतं. ऐक. तू माझ्या हाताखाली शिकलास, पण ही एक गोष्ट मी तुला शिकवली नाही. अंदाज खरा ठरतो असं लोक म्हणतात. तो ठरत नाही. तो पाळला जातो. चाळीस वर्षांमागं याच तोंडानं मी ओसरीवर म्हणालो होतो, राळ्याला आता कुणी विचारणार नाही. व्यापाऱ्यांनी ऐकलं, राळा घेणं बंद केलं. घेणार नाहीत म्हणून कुणी पेरला नाही. पेरला नाही म्हणून कुणी खाल्ला नाही. आणि लोक म्हणाले, आबांचा अंदाज काय अचूक! मी त्या वर्षी सत्कार घेतला रे. एका जातीचं धान्य मुलखातून गेलं नि मी फेटा बांधून मिरवलो."

आबांनी काठी बाजूला ठेवली.

"तुझं ज्वारीचं पान वाचलं आणि मला ते आठवलं. तुझ्या कागदावर खाणारा होता, पिकवणारा होता. दोघंही खरे गरजू. समुद्रापलीकडच्या आजाऱ्याला भाकरी मिळाली, इथल्या रानवाल्याला भाव मिळाला. त्यात वाईट काय? पण जे पीठ तिकडं जाणार ते आज कुणाच्या ताटात आहे, याला तुझ्या कागदावर जागाच नव्हती. माझ्याही कधी नव्हती. ज्वारी काही अंदाजानं वाढत नाही. ती फक्त ताट बदलते."

"मग मला हे त्याच दिवशी का नाही सांगितलंत?" शिष्य म्हणाला. "पान लपवून काय साधलं? ते मी संध्याकाळी सांगून मोकळा झालो."

आबांनी मान हलवली. "काही साधलं नाही. माझं मन तेवढं हलकं झालं. पाप टळलं असं वाटून मी दुपारी झोपलो. ती चूक माझी."

गुरूने चूक कबूल केल्यावर शिष्याला रडू यायला हवे होते, पण आले नाही. त्याने आबांना हात धरून घरी पोचवले आणि दुसऱ्या दिवसापासून व्याख्यानांची आमंत्रणे परत करायला सुरुवात केली.

पुढल्या पाडव्याला आबांची दृष्टी पुरती गेली होती. वर्षफळ वाचायला शिष्य उभा राहिला. त्या वर्षी त्याने पिठागणिक एक नवा रकाना लिहिला होता: हे पीठ कुणाच्या ताटातून जाईल. त्यासाठी तो महिनाभर वाड्यावस्त्यांवर फिरला होता. नाचणीला यंदा परमुलखातून मागणी येणार. डोंगरातल्या अमुक इतक्या घरांतली नाचणी जाणार, त्यांत बाळंतिणी इतक्या, दात पडलेली म्हातारी माणसे इतकी. बाजरी जाणार, हिवाळ्यात तिच्यावर तगणारे मेंढपाळ इतके. तो शांतपणे वाचत गेला. शेवटी त्याने आईचे नाव घेतले आणि ती कशी गेली, हे चार वाक्यांत सांगितले.

एका म्हाताऱ्या आडत्याने उपरण्याने डोळे पुसले. शिष्याला वाटले, पोचले.

मग मागच्या बाजूने एकाने पेन्सिल काढली. "मास्तर, तो घरांचा आकडा पुन्हा सांगता का? म्हणजे एवढी घरं यंदा नाचणीवरून गव्हाच्या पिठावर येणार, असंच ना?"

त्याने तो प्रश्न सरळ मनाने विचारला होता. लगेच दुसऱ्याने वही उघडली, तिसऱ्याने फोन कानाला लावला. कुणीही हसले नाही, कुणीही आईचा अनादर केला नाही. उलट निघताना प्रत्येकाने शिष्याच्या खांद्यावर हात ठेवला. वैशाखात डोंगरातल्या त्या वाड्यांवर गव्हाच्या पिठाच्या आणि मैद्याच्या पिशव्यांनी भरलेला पहिला टेम्पो चढला. शिष्याने वाड्यांची नावे ज्या क्रमाने वाचली होती, त्याच क्रमाने तो फिरला.

"आबा, मी सगळं खरं सांगितलं," शिष्य ओसरीच्या पायरीवर बसून म्हणाला.

"हो."

"आणि त्यांनी सगळं ऐकलं."

"फार नीट ऐकलं," आबा म्हणाले. थोड्या वेळाने त्यांनी आपल्या न दिसणाऱ्या डोळ्यांनी रस्त्याच्या दिशेला मान वळवली. "साठ वर्षं मी वर्षफळ सांगत आलो. या ओसरीवर जे येऊन बसले त्यांनाच सांगत आलो. ज्यांना खरी गरज होती ते कधी इथं आले नाहीत, आणि मीही कधी उठून त्यांच्याकडे गेलो नाही. सहा महिने आधी कळलं असतं तर त्यांनी कणगीत चार पायल्या राखल्या असत्या. एखादी गिरणी आपसांत ठरवून धरून ठेवली असती. तुला जाता येतं. तुझे पाय धड आहेत."

दुसऱ्या दिवशी सकाळी शिष्य बाजारामागच्या गिरणीवर गेला. दळणाच्या रांगेत पंधरा-वीस बायका बसल्या होत्या. त्याने त्यांना सांगायला सुरुवात केली. सुरुवातीला त्याला जमले नाही. त्याच्या तोंडी बंदरे आणि टक्के येत होते. मग त्याने ते सोडले. यंदा तुमच्या वस्तीतली बाजरी खळ्यावरूनच उचलतील, भाव चांगला मिळेल, विका, अवश्य विका. पण घरात आजारी, म्हातारे कोण आहे ते बघून तेवढी आधी बाजूला काढा. एका गिरणीवाल्याला धरून एक वार नुसता भाकरीच्या दळणाचा करून घ्या. करारावर सही व्हायच्या आत करून घ्या, नंतर होणार नाही. बायका लक्ष देऊन ऐकत होत्या. दोघी-तिघींनी शंका विचारल्या, एकीने वार कोणता धरायचा यावर शेजारणीशी वादही घातला. कितीतरी महिन्यांनी शिष्याच्या मनाला जरा बरे वाटले.

रांगेत मागे बसलेली एक वयस्क बाई इतका वेळ काही बोलली नव्हती. तिला तो कोण, काय, काही ठाऊक नव्हते. वर्षफळ, व्याख्याने, शाली यांतले काहीही तिच्या वस्तीपर्यंत पोचले नव्हते. तिने भाबडेपणाने विचारले, "हे सगळं आधीच समजतं व्हय तुमाला, दादा?"

"समजतं," शिष्य म्हणाला. "वर्ष-दोन वर्षं आधी समजतं."

"मग तुमच्या घरची मानसं सुखी असतील. आईला तर तुमी सगळ्यांत आदी सांगत असाल."

शिष्याने उत्तर देण्यासाठी तोंड उघडले. गिरणी चालू होती, तिच्या आवाजात आपल्याला उत्तर ऐकू आले नाही, असे समजून त्या बाईने हात कानामागे धरला आणि ती थोडी पुढे झुकली. तो काही बोललाच नव्हता.

जगाच्या बाजाराचा कल ज्याला आधी कळतो, त्याने तो आधी घरी सांगावा. या गोष्टीचे मागणे एवढेच आहे.